दुसरं अपील नाही

एका गावात लिंबाजी नावाचा एक भोळा माणूस राहत होता. कुणी ‘बस’ म्हटलं की तो चिखलातही बसायचा आणि ‘ऊठ’ म्हणेपर्यंत उठायचा नाही.

त्याच्या आईनं रंगनाथ अण्णांची एक मरतुकडी पारडी अर्धलीनं सांभाळायला घेतली होती. पहिलं पारडू अण्णांना द्यायचं, मग म्हैस आईची, असा कागद झाला होता. वाद झालाच तर तांबोळी गुरुजी लवाद, त्यांचा शब्द शेवटचा, असंही त्यात लिहिलं होतं.

पारडीची म्हैस झाली. पहिलं पारडू अण्णांकडे गेलं. मग आई वारली. म्हैस दूध देईना. शेवटी लिंबाजी आईचं हिरवं लुगडं नेसून धारेला बसला, तेव्हा तिनं पान्हा सोडला. त्यानंतर ती त्या लुगड्याचंच ऐकायची.

अण्णा म्हणाले, “कागद आईशी होता. आई गेली, कागद गेला,” आणि चार गडी लावून म्हैस ओढत घेऊन गेले.

गुरुजींनी निकाल दिला, ‘म्हैस लिंबाजीच्या गोठ्यात राहील.’ अण्णा कोर्टात गेले. कोर्टाचं होईपर्यंत म्हैस अण्णांच्याच अंगणात राहिली. लिंबाजी घाबरून देवळे वकिलांकडे गेला.

“वकीलसाहेब, कोर्टानं निकाल फिरवला तर?”

“अरे, पटला नाही एवढ्यावर लवादाचा निकाल फिरत नाही. आपणच नेमलेला माणूस. त्याचं मान्य करायचं.”

लिंबाजीनं हे लक्षात ठेवलं. वाटेत तो दाढीला बसला. न्हाव्याचा वस्तरा घसरला आणि डावी मिशी गेली.

न्हावी चाचरत म्हणाला, “उजवीबी काढू का? सारखं दिसंल.”

“नको. मला पटलेलं नाही. पण तुला मीच नेमलं. मान्य आहे.”

लिंबाजी अर्ध्या मिशीनं घरी आला. बायको हौसा म्हणाली, “अवं, तोंड नव्हतं का तुम्हाला?”

पुढच्या खेपेला ती मिशी बघून वकिलांनी कपाळाला हात लावला. “लिंबाजी, आपलं म्हणणं मांडायची संधीच मिळाली नाही, तर मात्र उठून सांगायचं!”

लिंबाजीनं हेही लक्षात ठेवलं. दुसऱ्या दिवशी हौसाच्या मामेबहिणीचं लग्न होतं. मंगलाष्टकं संपत आली, सगळ्यांच्या मुठीत अक्षता. लिंबाजी उठला.

“थांबा! माझं म्हणणं कुणी ऐकलंच नाही!”

मंगलाष्टकं थांबली. नवरीचा बाप हात जोडून पुढं आला. “काय म्हणणं आहे, पाव्हणं?”

लिंबाजीनं बराच विचार केला. “म्हणणं काही नाही. पण संधी दिली नाही.”

तोवर मुहूर्त टळला. दोघं न जेवता घरी आली.

हे ऐकून वकील म्हणाले, “अरे बाबा, ज्यांचा वाद, त्यांनीच बोलायचं. तिसऱ्यानं मधे पडायचं नाही!”

लिंबाजीनं तेही लक्षात ठेवलं. हौसा कुरडया वाळत घालून पाण्याला गेली. शेजारची शेळी आली. लिंबाजी उंबऱ्यावर बसून बघत राहिला. हौसा परतली तेव्हा बाजेवर फक्त शेळी होती.

“अवं, हाकलायची नाही का?”

“वाद शेळीचा आणि कुरडयांचा. मी तिसरा.”

त्या दिवशी वाद हौसाचा आणि लिंबाजीचा झाला. तिसरं कुणी मधे पडलं नाही.

शेवटी एकदा वकिलांनी बोलावून पेढा दिला. “अण्णांचा अर्ज फेटाळला. त्यावर एक अपील होतं, तेही फेटाळलं. दुसरं अपील नाही. एकदाच असतं ते. आता लिहिलंय तसंच व्हायचं, अक्षर इकडचं तिकडे होणार नाही. जा, म्हैस घेऊन ये.”

लिंबाजी अण्णांच्या अंगणात गेला. म्हैस रवंथ करत होती.

“चल,” लिंबाजी म्हणाला.

म्हैस हलली नाही. लुगडं घरी दांडीवर होतं.

पुन्हा ‘चल’ म्हणणार, तोच त्याला आठवलं. दुसरं अपील नाही.

तो डोकं धरून बसला. मग त्याला निकालाचे शब्द आठवले आणि तो हसत घरी गेला. हौसा शेतावर होती. त्यानं गोठ्याचे पत्रे उतरवले, मेढी उपटल्या, गव्हाण उचलली आणि सगळं अण्णांच्या अंगणात आणून म्हशीभोवती उभं करायला लागला.

“हे काय रे?” अण्णांनी ओट्यावरून विचारलं.

“निकाल, अण्णा. म्हैस लिंबाजीच्या गोठ्यात राहील.”

अण्णा ओट्यावरून उतरून आले. मग म्हणाले, “पत्रा जपून हो लिंबा. शिडी देऊ का?”

गोठा उभा करून लिंबाजी वकिलांना सांगायला तालुक्याला गेला. वकील कोर्टात होते, म्हणून तसाच परत आला. येऊन बघतो तर म्हैस त्याच्याच दाराशी बांधलेली. शेजारी हिरवं लुगडं नेसून हौसा उभी.

“आणली बघा घरी!” हौसा म्हणाली. “एका हाकेत आली.”

लिंबाजी ओरडला, “अगं, काय केलंस! निकालात घर नाही, गोठा आहे! काढ ते लुगडं!”

त्यानं लुगडं नेसलं, दावं सोडलं आणि चालायला लागला. तोंडातून शब्द काढला नाही. काढला असता तर दुसरं अपील झालं असतं. म्हैस मुकाट मागून गेली.

अण्णा तीन ठिकाणी हरले. आता त्यांच्या अंगणात म्हैस आहे, वर नवा गोठा आहे, आणि रोज सकाळी लुगडं नेसून धार काढायला लिंबाजी येतो.