भोरड्यांना बोलवायचं गाणं

“वीस वर्षं झाडापाखरांवर लिहिलं, महाराज. लेक गेली, तेव्हा त्यातली एक ओळ उपयोगी पडली नाही. असं का?”

१९६१ सालचा माघ. शाळू हुरड्यात आला होता. नागझरी मठाचे भवानगीर महाराज शेतातल्या माळ्यावर गोफण घेऊन बसले होते. मठाचं पीक ते स्वतः राखत. त्र्यंबकराव उपळेकर शिडी चढून वर आले आणि बसायच्या आधीच विचारते झाले. कवी म्हणून तालुक्यात त्यांचा दबदबा होता. तो त्यांना ठाऊकही होता.

“म्हणा की एखादी,” महाराज म्हणाले.

त्र्यंबकरावांनी घसा साफ केला. सभेत लावत तो आवाज लावला. दुसऱ्या कडव्याला कणसांवरच्या झाडून साऱ्या भोरड्या उडाल्या.

“बरं झालं. माझा एक धोंडा वाचला.”

त्र्यंबकरावांचे कान तापले. उठून जावं, असं मनात आलं. पण घरी जाऊन करायचं काय... तिथं तिच्या परकराची घडी होती.

“मागल्या माघात तिला घेऊन आला होतात,” महाराज म्हणाले. “इथंच बसली होती. निम्मा हुरडा सांडायची.”

“सांडत नव्हती. तुमची नजर चुकवून पाखरांना टाकत होती.”

“मीच नजर फिरवत होतो.”

वारा शाळूतून सळसळत गेला...

“तिनं काही मागितलं होतं का, कविराज?”



“म्हणाली, बाबा, पाखरं हाकलायची गाणी सगळ्यांनाच येतात. भोरड्यांना बोलवायचं एक करून द्या ना. मी म्हटलं, उद्या. माझं इथंही लिहिणं चालू होतं... भाद्रपदात तापानं गेली.”

“भोरड्या चैत्रात जातात. पिकाला परत येतात. मधे कुठं असतात, कुणी पाहिलंय?”

महाराजांनी गोफणीतला दगड काढून बाजूला ठेवला. रिकामी गोफण त्र्यंबकरावांच्या मांडीवर टाकली.

“देऊन टाक आता, त्र्यंबका.”

“इथं?”

“तिनं कुठं मागितलं होतं?”

त्र्यंबकराव गोफणीची दोरी बोटाला गुंडाळत राहिले. मग लेकीला निजवताना निघायचा, तो आवाज निघाला. जेमतेम माळ्याखाली पोचेल एवढा.

“बस गं भोरडे, डोलतंय ताट,
माझ्या लेकीची नि तुझी एकच वाट.”

एक भोरडी आली. जवळच्या ताटाच्या कणसावर बसली. मग दुसरी. मग सारा थवा उतरला आणि शाळू वाकला.

डोळे पुसायला त्र्यंबकरावांनी हात उचलला. पाखरं बुजू नयेत म्हणून महाराजांनी तो अलगद धरून ठेवला.

“पोचलं,” ते म्हणाले.