टोपीतला हात

एकदा एक दमलेला शिक्षक आपल्या वृद्ध गुरुजींच्या माडीवर आला. नाव दिगंबर, वय पन्नाशीच्या आसपास, डावा पाय लहानपणीच पोलिओने अधू झालेला. जिने तो आयुष्यभर चढत आला होता. आज त्याला दमवले होते ते एका कागदाने.

शाळेच्या संस्थेने लिहिले होते: दहावीचा वर्ग तिसऱ्या मजल्यावर असल्याने, आणि आपल्याला 'हँडिकॅप' असल्याने, आपल्या सोयीसाठी यापुढे आपण शिकवण्याऐवजी तळमजल्यावरचे ग्रंथालय सांभाळावे. खाली संमतीच्या सहीची जागा होती. तो कागद त्याने गुरुजींपुढे ठेवला.

"सही करून टाकतो, गुरुजी. शिकवणं सुटेल याचं फार वाईट वाटतं. पण आता भांडायचं त्राण नाही."

गुरुजींनी हयातभर इंग्रजी शिकवले होते. त्यांनी डोक्यावरची काळी टोपी काढली आणि उलटी धरली. "हात घाल."

"हे काय खेळायचं वय आहे का, गुरुजी?" दिगंबर वैतागला.

"घाल तर खरा."

त्याने हात घातला. टोपी रिकामीच होती.

"हा 'हँडिकॅप' शब्द असाच जन्मला," गुरुजी म्हणाले. "हँड इन कॅप, टोपीत हात. पूर्वी इंग्लंडात दोन माणसं वस्तूंची अदलाबदल करायला बसत. कोणाची वस्तू किती उणी, ते तिसरा माणूस ठरवी, पंच म्हणून. मग दोघं टोपीत हात घालून बाहेर काढत. निवाडा मान्य की अमान्य, ते त्या हातात नाणं आहे की नाही यावरून कळे. दोघांनी होकार दिला तरच अदलाबदल. पुढे शर्यतीत चुरस राहावी म्हणून सरस घोड्यावर जास्त वजन लादू लागले, त्यालाही हाच शब्द. आता घोड्याला कोण विचारतो? शेवटी तो शब्द माणसाला चिकटला. उणं किती ते पंच सांगतो, टोपी मात्र कुणी पुढे करत नाही."

पुढचे बोलणे त्यांना जड जात होते.

"मीही केली नव्हती. तू सातवीत होतास. गड चढायचा म्हणून सहलीच्या यादीतून तुझं नाव मी खोडलं. तुला विचारलं नाही. वर म्हणालो, तुझ्याच सोयीसाठी."

दिगंबर ते विसरला नव्हता. आजवर बोलून दाखवले नव्हते, एवढेच. "मी पायथ्याशी बसलो असतो, गुरुजी. तरी चाललं असतं."

"हो रे. चुकलंच माझं."

मग दिगंबरने पेन काढले. सहीची जागा कोरी ठेवून त्याने वर लिहिले: 'मान्य नाही. मला जिना जड जातो, शिकवणे नाही. दहावीचा वर्ग खाली आणावा.'

कागदाची घडी करून तो निघाला. गुरुजी जिन्यापर्यंत आले. सवयीने त्यांचा हात त्याच्या दंडाकडे गेला आणि मध्येच थांबला.

"हात देऊ?" त्यांनी विचारले.

"द्या," दिगंबर म्हणाला.