बर्नाबसची जास्तीची मात्रा

"मास्तर, भजनाच्या शेवटच्या कडव्यात रचणाराचं नाव घालतात, ते... घातलंच पाहिजे का हो?"

बर्नाबस पटोळेनं हे विचारलं तेव्हा शलमोन मास्तर अंगणात शेंगा फोडत बसले होते. त्यांनी वर पाहिलं नाही. दाणे सुपात, टरफल शेळीला.

"आधी गॉगल काढ. शेळी बुजते."

त्यानं काढला.

आता हा बर्नाबस काही साधासुधा गडी नव्हे. नेवाशापासून जालन्यापर्यंत जिथं जिथं ख्रिस्ती मंडळी, तिथं तिथं त्याचं पोस्टर. पांढरे बूट, पांढरी पँट, कडेवर मेंढरू. (फोटो होता होता मेंढरानं त्या पँटीचं काय केलं, ते पोस्टरवर दिसत नाही.) मास्तरांच्या भजनी मंडळात झांजा बडवत तो मोठा झाला. मग लग्नाच्या बँडात गेला, बँडाबरोबर बाटलीत गेला, आणि एका नाताळात देवळाच्या पायरीवर आडवा झाला तो प्रभूचा होऊनच उठला. उठला आणि गावरान चालीत एक भजन गायला. कॅसेट निघाली. कॅसेटी गेल्या, सीड्या गेल्या, भजन मोबाइलवरही वाजतंच आहे.

भजन मास्तरांचं. शेवटच्या कडव्यात 'शलमोन म्हणे' असं होतं. कॅसेटवर 'बर्नाबस म्हणे' झालं.

बावीस वर्षं झाली. मास्तर कधी चकार शब्द बोलले नाहीत.

आणि येत्या रविवारी त्याच भजनासाठी बर्नाबसचा सत्कार ठरला होता. मास्तरांची खुर्ची पहिल्या रांगेत. म्हातारा भर मंडळीत उभा राहिला तर? या एका विचारानं महिनाभर बर्नाबसची तीन कडवी घंटेसारखी वाजायची आणि चौथं, नावाचं, आलं की गळा बंद. डॉक्टरनं बॅटरी मारून पाहिलं. म्हणाला, आत काही नाही.

"मास्तर..."

"बोल की."

"ते नाव... मी..."

"हां, ते. पहिल्या दिवशीच कळलं मला."

बर्नाबसच्या पांढऱ्या बुटांत घाम आला. "मग बोलला का नाहीत?"

"वाट बघत होतो. बावीस वर्षं."

"मी माफी मागायची वाट?"

"छ्या! ताल सुधारायची. शलमोनच्या मात्रा पाच, बर्नाबसच्या सहा. कॅसेटवर तिथं आला की ढोलकीवाला धडपडतो बिचारा. अरे, नाव ढापलंस ते ढापलंस, मात्रा तरी मोजायच्यास!"

शेळीसुद्धा चघळायची थांबली.

बर्नाबसनं मास्तरांचे पाय धरले. मास्तरांनी ते काढून घेतले, कारण पायाशी शेंगा होत्या.

"चिरडशील. ऊठ. गा."

"गळा बंद होतो, मास्तर."

"चौथंच कडवं गा. नावाची जागा आली की नाव घेऊ नकोस. श्वास घे."

त्यांनी खुंटीवरचं तुणतुणं काढलं. बर्नाबसनं डोळे मिटले. जागा आली. त्यानं श्वास घेतला...

आणि स्वयंपाकघरातून, भाकरी थापता थापता, खणखणीत आवाज आला:

"मार्थाऽऽ म्हणे, बापा, मेंढरू मी फसलं,
हाक तुझी ऐकताच घर मला दिसलं!"

मास्तरांच्या मंडळी, मार्थाबाई. चार मात्रांचं नाव ओढून पाचात बसवलेलं. तुणतुणं जराही अडखळलं नाही.

बर्नाबसनं डोळे उघडले. "मास्तर, ह्या... असं कधीपासून?"

"लग्न झालं तेव्हापासून."

"तुम्ही काही म्हणाला नाहीत?"

"मला दोन वेळा जेवायचं असतं रे."

"काय म्हणताय हो तिकडं?" आतून आवाज.

"काही नाही, तुझं कौतुक चाललंय!"

बर्नाबसला हसू फुटलं. पोटातून आलं, छातीतून आलं, आणि महिनाभर जिथं दार लागलं होतं तिथून धडाधड बाहेर पडलं. हसता हसताच त्यानं कडवं पुन्हा धरलं, शेवटच्या 'दिसलं'पर्यंत नेलं आणि वर ठेवून दिलं. गळा मोकळा! शेजारच्या परसातल्या कोंबड्या कुंपणावर चढल्या.

मार्थाबाईंनी भाकरी आणि ठेचा आणून ठेवला. "बर्नाबा, वाळलास रे," म्हणाल्या. तीन भाकरी झाल्या. पांढऱ्या पँटीवर ठेचा सांडला, त्याचंही त्याला काही वाटलं नाही.

निघताना त्यानं गॉगल हातात घेतला, घातला नाही.

"मास्तर, रविवारी मी तिथं श्वास घेईन. पण मग नाव कुणाचं?"

मास्तरांनी सूप पुढ्यात ओढलं. एक शेंग फोडली. दाणे सुपात, टरफल शेळीला...

"समोर चारशे माणसं बसणार आहेत, बर्नाबा. नाव ज्याचं त्याच्यापाशी आहे. तू मात्रा सांभाळ."