भिवराबाईचं पठार

पाहुणे हो, इथे चपला काढू नका. या तांबड्या मातीत गारगोट्या आहेत, तळपाय फाडतील. हातभर उकरलं की खाली पांढरी चुनखडी लागते. आता इथे डोळे मिटून बैलगाडी हाकावी एवढं सपाट आहे. पण पूर्वी म्हणे उंच डोंगर होता. त्याच्या माथ्यावर भिवराबाईचं शेत होतं. नवरा गेलेला, पदरी दोन पोरी, आणि पोटाला तेवढाच तुकडा.

असे सांगतात, तीन वर्षं पाऊस नव्हता. गावच्या पाच पंचांनी देवीला साकडं घातलं : पाऊस पाड, आम्ही पाचही जण 'पुरे' म्हणेपर्यंत थांबवू नको. माथ्यावरच्या भिवराबाईला कोणी विचारलं नाही. बाईमाणसाला काय विचारायचं!

पाऊस लागला. चुनखडीच ती, मिठासारखी विरघळू लागली. पांढरं पाणी खालच्या शेतांत उतरलं, गाळ बसला, ज्वारी डोक्यावर गेली. वर भिवराबाईचं शेत रोज खचायचं. न विरघळणारी गारगोटी तेवढी मागे राहायची.

ती भिजत पंचांतल्या महागू पाटलाच्या दारी आली. "पाटीलबुवा, पुरे म्हणा ना जी. माह्या पोरीयनं काय खावं?"

"खालच्या बांधाले गाळ नाही पोचला अजून. दोन दिस थांब."

बाकीचे चौघे म्हणाले, पाटलाआधी आम्ही कसं म्हणावं? दोन दिवसांचे दोन पावसाळे झाले. ती विनवायला खाली यायची, आणि दर खेपेला परतीची चढण तिला कमी लागायची.

शेवटी पाणी पाटलाच्या चुलीत शिरलं. तेव्हा पाचही जण एका दमात 'पुरे' म्हणाले, अन् पाऊस थांबला. वर जाऊन पाहतात तर डोंगर नाही, शेत नाही. भिवराबाई पोरींना घेऊन गारगोट्या वेचत होती.

"आता कायले वेचतं, बाई?" पाटलानं विचारलं.

"तुमी ठेवलं तेवढं वेचतो," ती म्हणाली.

आजही इथे कुसळाशिवाय काही उगवत नाही. आणि आजही गावच्या पंगतीत पहिल्या घासाआधी सगळे हात जोडून 'पुरे' म्हणतात. मीही म्हणतो, महागू पाटील आमचाच पूर्वज. म्हणतो, आणि मग पोटभर हाणतो. भिवराबाईच्या वंशाला मात्र खालच्या गाळातली वीतभर जमीन आम्ही कधी दिली नाही. त्या पंगतीत वाढायला त्यांच्याच लेकीसुना असतात.