आधी फेडायचा नवस

वेदीच्या डाव्या हाताला संत पेत्र उभा आहे, तो नीट बघा. दाढीचा केस न् केस मोकळा, खांद्यावरच्या जाळ्याची गाठ न् गाठ सुटी. आणि डोळे? रागानं खरवडल्यासारखे. पाहुणे हसतात. हसू नका बाबांनो, आधी ऐकून तरी घ्या.

हे काम दुमिंग मेस्त्रीचं. लाकडात असा हात या किनाऱ्यावर पुन्हा झाला नाही, असं सांगतात. मूर्तीचे डोळे तो सगळ्यात शेवटी कोरायचा. डोळे उघडले की मूर्ती जागी होते, मग तिला पटाशी लावायची नाही, हा त्याचा नेम. पेत्राचे तेवढे डोळेच राहिले होते आणि वादळ उठलं. मेस्त्रीचा एकुलता एक जुझे तेव्हा होडी घेऊन समुद्रात होता.

बाकीच्या होड्या परतल्या, जुझेची नाही. मेस्त्री भलता हट्टी. देवळात जाऊन त्यानं मूर्तीलाच दम भरला म्हणे, "पोराला दारात आणून सोड, मग डोळे उघडतो. तोवर राहा असाच!" फादरनी समजावलं, गावानं हातापाया पडून सांगितलं. पण ऐकेल तो मेस्त्री कसला!

वादळ ओसरलं तरी तो पटाशीला शिवेना. शेवटी बायको, नातल, चूल तशीच टाकून देवळात आली. पेत्राचा कोरा चेहरा बघून तिनं कपाळावर हात मारून घेतला.

"अवो, आंधळ्याला धाडलंत का माझं पोर शोधायला?"

मेस्त्रीच्या पायांखालची जमीनच सरकली. हे त्याच्या ध्यानातच आलं नव्हतं. त्यानं तिथल्या तिथे पटाशी उचलली. घाईत पटाशी घसरत होती, तरी थांबला नाही. डोळे झाले आणि किनाऱ्यावरून हाका आल्या. जुझे वाळूवर पडला होता, फळीला मिठी मारलेला. प्राण गेला होता, पण अंगात अजून ऊब होती म्हणे.

"थोडं आधी..." एवढंच मेस्त्री मरेपर्यंत पुटपुटत राहिला. त्यानं पुन्हा हत्यार धरलं नाही, आणि ते डोळेही कुणाला दुरुस्त करू दिले नाहीत.

आजही आमच्या गावात नवस आधी फेडतात, मग मागतात. होडी पाण्यात लोटायच्या आधीच बाया मेणबत्त्या लावून मोकळ्या होतात. गेल्या साली बेजामीनच्या आईनं सगळं आधी फेडलं होतं. बेजामीन आला नाही.