विसाव्याचं शेत

खूप खूप जुन्या काळची गोष्ट. एका राज्यात डोंगराच्या पायथ्याशी एक गाव होतं. तिथली जमीन काळी, पण खोलीला बेताची. म्हणून गावाचा एक रिवाज होता. काही वर्षं पीक घेतलं की एक वर्ष शेताला विसावा द्यायचा. त्या वर्षी नांगर नाही की पेरणी नाही. धनगराला बोलवून त्याच्या मेंढ्या शेतात बसवायच्या. मेंढ्यांच्या खतावर पुढच्या साली ज्वारी अशी तरारून येई, की बघत राहावं.

त्या गावात एक शेतकरी आणि त्याची बायको राहत. मूलबाळ नव्हतं. ओढ्याकाठचं एकच शेत होतं, त्यावर त्यांचं पोट होतं आणि जीवही.

एका वर्षी राजानं हुकूम काढला, की राज्यातल्या साऱ्या जमिनीची वर्गवारी करा. पिकाऊ जमीन कसणाऱ्याची, कुरण साऱ्या गावाच्या गुरांचं. हुकूम काही वाईट नव्हता. पण तो घेऊन आलेला अधिकारी घाईत होता, आणि शेतकऱ्याच्या शेताचं ते वर्ष नेमकं विसाव्याचं होतं. अधिकाऱ्याला गवत दिसलं, गवतात मेंढ्या दिसल्या. घोड्यावरून न उतरताच तो म्हणाला, "हे कुरण."

शेतकऱ्यानं हात जोडले. "सरकार, कुरण न्हवं ह्ये. रान इसाव्याला ठिवलंय. पुढल्या साली या, जुंधळ्यात तुमचा घोडा दिसायचा न्हाई."

अधिकाऱ्यानं पाटलाला विचारलं, "पाटील, असा काही रिवाज आहे का तुमच्याकडे?"

आता नीट ऐका, गाव कसं बुडतं ते. पाटलाच्या स्वतःच्या शेतात आदल्याच वर्षी मेंढ्या बसल्या होत्या. पण ओढ्याकाठचं कुरण म्हणजे सगळ्यांच्या गुरांना फुकटचा चारा. पाटील खाली बघत म्हणाला, "न्हाई बा, आमी तरी ऐकल्यालं न्हाई." मागे जमलेल्या गावकऱ्यांनी माना डोलावल्या. नंदीबैलाला निदान ढोलकं तरी वाजवून दाखवावं लागतं, यांना तेही लागलं नाही. अधिकाऱ्यानं ती गावाची साक्ष म्हणून दप्तरात लिहून घेतली.

शेतकरी दरबारात गेला. न्यायाधीश भला माणूस होता. त्यानं सांगितलं, "निकाल लागेपर्यंत त्या जमिनीत कुणीही नांगर घालू नये."

ऐकायला हे रास्तच वाटतं. पण तारखा पडत गेल्या. कधी न्यायाधीश आजारी, कधी अधिकारी परगावी. शेतकऱ्याच्या वहाणा झिजल्या. इकडे शेतात हराळी पसरली, कुंदा माजला, बाभळींनी डोकं वर काढलं. त्याची बायको रोज बांधावर येऊन बसायची. "बघवत न्हाई मला," म्हणायची आणि दुसऱ्या दिवशी पुन्हा यायची.

शेवटी न्यायाधीश स्वतः पाहणीला आला. कमरेएवढं गवत बघून तो म्हणाला, "बाबा, याला मी कोणत्या तोंडानं शेत म्हणू?"

"म्हाराज, तुमीच नांगर घालू दिला न्हाई," शेतकरी म्हणाला.

न्यायाधीशाला उत्तर सुचलं नाही. निकाल मात्र सुचला. जमीन कुरण ठरली.

शेतकरी त्याच शेतात दुसऱ्यांची गुरं राखू लागला. पुढचा हिवाळा काही त्यानं काढला नाही. सरणाला गावानं लाकडं दिली, डोळेही पुसले. पण घरोघर दुधाच्या चरव्या भरत होत्या, त्यामुळे दुःख फार टिकलं नाही.

मग पाटलाच्या शेताची विसाव्याची पाळी आली. तो धनगराला बोलवायला निघाला आणि अर्ध्या वाटेवर थबकला. अधिकारी अजून दरसाल फिरत होता. मेंढ्या दिसल्या की कुरण! पाटील मुकाट्यानं माघारी फिरला आणि त्यानं पेरणी केली. शेजाऱ्यानंही तेच केलं. शेत रिकामं ठेवायची कुणाचीच छाती होईना. धनगर वेशीवरून परत जाऊ लागले, मग यायचेच बंद झाले. थकलेली जमीन तरी किती देणार? कणसं आधी बारीक झाली, मग पोचट निघू लागली.

सारं गाव दरबारात गेलं. "म्हाराज, रान इसाव्याला ठिवायची आमची जुनी चाल हाय. तेवढी मान्य करा."

"असा रिवाज नाही, हे तुम्हीच सांगितलं होतं," न्यायाधीश म्हणाला. "त्या शब्दावर एका माणसाची जमीन गेली. खोटं तेव्हा बोललात की आज बोलताय?"

खोट्या साक्षीची शिक्षा सगळ्यांना ठाऊक होती. एकेक करून सारे दरबाराबाहेर पडले.

पाटील त्या विधवेच्या दारात गेला. "वैनी, तुमी चला दरबारात. तुमचं तरी ऐकतील."

"माझा मालक सांगत हुता तवा तुमी समदे हुता की तितं," ती म्हणाली. "तवा तुमी खरं बोलला न्हाई. आता मी एकलीनं काय सांगू?" तिनं दार लावून घेतलं.

काही वर्षांत गाव उठलं. ज्याला जिकडे वाट दिसली तिकडे तो गेला. अधिकारी पुन्हा आला तेव्हा विचारायला तिथं माणूस नव्हतं. त्यानं सगळ्या शिवारावरून एकदा नजर फिरवली आणि म्हणाला, "ओसाड." या वेळी मात्र त्याचं काही चुकलं नव्हतं.

बोध: शेजाऱ्याचं खरं आपल्या फायद्यासाठी बुडू दिलं, तर आपल्यावर वेळ येते तेव्हा आपलं खरंही कुणी मानत नाही.