काचेसारखा ओढा

पुष्कळ पुष्कळ वर्षांपूर्वी, दाट जंगलातल्या एका गावाची लेक दूरच्या राजधानीत शिकून बारा वर्षांनी घरी परत आली. वाटभर तिच्या डोळ्यांपुढे गावचा ओढा होता. काचेसारखं पाणी, तळाशी सोनेरी वाळू.

पाहते तो पाणी चहासारखं तांबडं. वळणावळणाला कुजका पाला, काटक्या, शेवाळलेले ओंडके. तिने नाकाला पदर लावला.

ते ढीग आपोआप साचलेले नव्हते. गावात प्रत्येक घराचा एक ढीग असे. नवी सून आली की घरात पाऊल टाकण्याआधी ती पाल्याचा एक भारा ओढ्यात ठेवी आणि पुढे दर वर्षी त्यात भर घाली. त्या काळोख्या पाल्यात शिंगट्या राहत. बोटभर लांबीचे, मिशांचे, काटेरी मासे. एरवी त्या ढिगाला कोणी हात लावत नसे. घरात बाळंतीण असली की मगच तो उचलायचा आणि खालच्या शिंगट्यांचं कालवण तिला घालायचं. त्याने दूध येतं, असं गाव मानत असे.

ओढा पहिल्यापासून असाच होता, पण बारा वर्षांत लेक हे सारं विसरली होती. तिने पारावर माणसं गोळा केली.

"आपण घाणीत का राहायचं?" ती कळकळीने म्हणाली. "राणीच्या बागेत झरा आहे. त्याच्या तळाचे खडे मोजता येतात!"

"त्यात मासे किती?" तिच्या म्हाताऱ्या आत्याने विचारलं.

"मासे कशाला, आत्या? तो बघायचा झरा आहे."

"हां. आमचा खायचा आहे, बाई."

सगळे हसले. लेकीचे डोळे भरून आले. ते पाहून एकजण म्हणाला, "पोर एवढं शिकून आलीय. आपल्या वाईटाचं कशाला सांगेल?" मग बाकीच्यांनाही हसल्याची लाज वाटली.

आठ दिवस गाव राबलं. लेक सगळ्यांच्या पुढे, कमरभर पाण्यात. सगळ्यात शेवटी तिच्या वहिनीचा ढीग राहिला. वहिनीला सातवा महिना होता.

"एवढा एक राहू दे गं," वहिनी म्हणाली.

"वहिनी, आपल्याच घराला सूट दिली तर लोक काय म्हणतील?" लेक म्हणाली आणि तिने तो ढीग स्वतःच्या हातांनी उपसला.

ओढा खरंच काचेसारखा झाला. लोक काठावर उभे राहून वाळू बघू लागले. बगळेही आले. आधी दोन, मग वीस.

वहिनीला मुलगा झाला. भाऊ टोपली घेऊन ओढ्यावर गेला. दिवसभर त्याने वरपासून खालपर्यंत पाणी चाळलं. टोपलीत दोन खेकडे आले. शेजाऱ्यांकडे मागावं, तर त्यांचाही ढीग उरला नव्हता.

आत्याने जे सुचलं ते सारं वहिनीला खाऊ घातलं. पण दूध आलं नाही. बाळ बोट चोखून चोखून रडे. पाचव्या दिवशी भावाने त्याला फडक्यात गुंडाळलं आणि डोंगरापलीकडच्या गावात एका लेकुरवाळीच्या पदरात नेऊन घातलं. तिथला ओढा अजून तांबडा होता.

लेक वहिनीपाशी गेली. तिला शिव्या हव्या होत्या. वहिनी खिडकीतून बाहेर बघत म्हणाली, "ओढा छान दिसतो, नाही?"

लेक तशीच पळत काठावर आली. तिथे एक लठ्ठ बगळा एका पायावर उभा होता.

"बाई, उपकार झाले तुमचे!" बगळा मान लववून म्हणाला. "आमच्या बापजाद्यांच्या चोची त्या पाल्यात खुपसून झिजल्या. तुम्ही एका आठवड्यात ताट वाढून दिलंत. बिचाऱ्या शिंगट्या! लपायला जागाच नाही. शेवटची होती ना, ती एका पांढऱ्या खड्यामागे दडली होती. मिशा दिसत होत्या."

"तुम्ही सगळ्या खाल्ल्यात?"

"मी फक्त खाल्ल्या," बगळा म्हणाला. "आता इथे काय उरलंय? आम्ही निघालो. पलीकडच्या गावालाही दोन शब्द सांगाल का? तुमचं ऐकतात लोक."

दुसऱ्या दिवशी सकाळी लेकीने आत्याला विचारलं, "पाला टाकला तर शिंगट्या परत कधी येतील?"

बारा वर्षांनी परत आल्यापासून तिने गावात विचारलेला हा पहिला प्रश्न, ज्याचं उत्तर तिला ठाऊक नव्हतं.

"पाला कुजायला दोन पावसाळे," आत्या म्हणाली. "मग खालच्या नदीतून आल्या तर येतील. तोवर ते पोर चालायला लागेल. दुसरीला आई म्हणेल."

राजधानीला परत जायचं नाही, आणि वहिनीच्या ढिगाखाली पहिली शिंगटी दिसेपर्यंत गावाला एक शब्दही शिकवायचा नाही, असं लेकीने ठरवलं. कोणाला हाक न मारता ती एकटीच रानात गेली आणि पाल्याचा पहिला भारा डोक्यावर घेऊन आली.

तात्पर्य : ज्याला आपण घाण म्हणतो ते कुणाचं घर आहे, हे हात घालण्याआधी विचारावं, नंतर विचारलं तर उत्तर मिळतं, घर मिळत नाही.